शाळेच्या लॅबमध्ये गाड्या ठोकण्याचा उद्योग: माझ्या नोंदी

मी एका माध्यमिक शाळेत संगणक शिकवतो. शाळा पुणे-सातारा महामार्गालगत आहे, खंबाटकीच्या अलीकडे. लॅबमध्ये १४ डेस्कटॉप आहेत, सगळ्यांवर विंडोज ७, दोन ते चार जीबी रॅम, वेगळं ग्राफिक्स कार्ड एकालाही नाही. शिवाय ४ लॅपटॉप आहेत, विंडोज १० वाले. इंटरनेट आहे, पण फिल्टर लावलेलं. असल्या लॅबमध्ये गाडी भिंतीवर आपटल्यावर खरीखुरी चेपणारा खेळ चालवायचा म्हणून अडीच महिने घातले. दुसऱ्या कुणाला हेच करायचं असेल तर त्याचे निदान माझे वाया गेलेले दिवस वाचावेत, म्हणून हे लिहून ठेवलंय.

८ जुलै २०२४, सोमवार

सात नंबरच्या मशीनवर सारखी खिडकी उघडते : "तुमच्या संगणकात १३ व्हायरस आहेत." खाली हिरवं बटण. आठवीच्या एका मुलीने घाबरून सरळ मेन स्विच बंद केला.

ब्राउझरची हिस्टरी पाहिली. नववीची पोरं गाड्या ठोकायचे खेळ शोधत होती. फिल्टरने नेहमीच्या साइट बंद केल्यात, म्हणून "शाळेतही चालतं" असं सांगणाऱ्या भलत्याच साइटवर गेली. तिथे खेळ कमी आणि जाहिराती जास्त. "नोटिफिकेशन पाठवू का?" या प्रश्नाला कुणीतरी 'हो' म्हटलं होतं. तेवढी परवानगी काढली, ब्राउझर साफ केला, खिडक्या थांबल्या. असं पाच मशीनवर होतं. दुपार गेली.

पोरांना रागावलो. पण एकाने विचारलं, "सर, मग चांगला कुठाय?" उत्तर नव्हतं माझ्याकडे.

१२ जुलै, शुक्रवार

पहिला उपाय सोपा वाटला. मुख्याध्यापक मॅडमची परवानगी घेऊन फिल्टरमध्ये एक बरी दिसणारी साइट मोकळी केली. खेळ उघडेना. पान एका पत्त्यावरून येतं, खेळाच्या फायली दुसऱ्या, चित्रं तिसऱ्या आणि जाहिराती आणखी दहा. एकेक पत्ता मोकळा करत गेलो. अकराव्या पत्त्याला खेळ सुरू झाला आणि त्याच्या शेजारी सट्ट्याची जाहिरात नाचायला लागली.

सगळं परत बंद केलं. तीन तास गेले. ज्यांना हा मार्ग घ्यायचाय त्यांना एवढंच सांगतो, दाराला भोक पाडलं की काय आत येईल ते आपण ठरवत नाही.

१४ जुलै, रविवार

पोरांच्या तोंडी एकच नाव : बीमएनजी. जर्मनीतल्या ब्रेमेनच्या कंपनीचा हा खेळ २०१३ पासून विकत मिळतो. त्यातली गाडी म्हणजे शेकडो बिंदू आणि त्यांना जोडणाऱ्या हजारो दांड्या. प्रत्येक दांडीवरचा जोर सेकंदाला २,००० वेळा मोजला जातो, म्हणून ठोकलं की पत्रा खऱ्यासारखा वळतो. खेळ उत्तमच. पण आमची मशिनं त्याच्या किमान अटींतसुद्धा बसत नाहीत आणि १८ प्रती विकत घ्यायला मी मॅडमकडे गेलो असतो तर परत आलो नसतो.

रिग्ज ऑफ रॉड्स हा त्याचा फुकट थोरला भाऊ. बीमएनजी काढणारी मंडळी आधी त्याच्यावरच काम करायची. सगळ्यात बऱ्या लॅपटॉपवर टाकला. सेकंदाला पाच-सहा चित्रं. गाडी भिंतीला लागायच्या आत तास संपेल.

म्हणजे आपणच करायचं. तीन मितींचा हट्ट सोडला. बाजूने दिसणारी गाडी, एक भिंत, वेगाची पट्टी. ब्राउझरमध्ये चालेल असं.

२० जुलै, शनिवार

मॅटर नावाचं तयार वाचनालय, म्हणजे लायब्ररी हो, दुसऱ्याने लिहून ठेवलेला कोड, वापरायचं ठरवलं. घरी मस्त चाललं. शाळेत पांढरं पान. कारण मी ती फाइल बाहेरच्या सर्व्हरवरून ओढत होतो आणि फिल्टरने तो पत्ताच अडवला होता. चूक माझी. बंद नेटवर्कवर चालवायचं असेल तर पहिल्या दिवसापासून घरचं इंटरनेट बंद करून तपासा.

फाइल पेन ड्राइव्हवर घेऊन गेलो. तीन मशीनला ड्राइव्ह लावला आणि चौथ्याला बघतो तर सगळे फोल्डर शॉर्टकट झालेले. आपल्याकडच्या लॅबचा हा जुना पाहुणा. ॲट्रिब कमांडने लपलेले फोल्डर परत आणले, तीनही मशीन साफ केली, आणि नवा पेन ड्राइव्ह घेतला : ३५० रुपये. जुना आता फक्त माझ्याच मशीनचा.

एवढं करून मॅटर सोडूनच दिलं. त्यातल्या वस्तू मुळात कडक. एकमेकांवर आपटून छान उडतात, पण चेपत नाहीत. स्प्रिंगने बांधल्या तर जेलीसारख्या हलतात आणि पुन्हा होत्या तशा होतात. ठोकलेली गाडी स्वतःहून सरळ झाली तर आमच्या इथल्या निम्म्या गॅरेजांना कुलूप लागेल.

२८ जुलै, रविवार

स्वतःचा कोड. ४६ गाठी, प्रत्येक २० किलोची, म्हणजे गाडी ९२० किलो. गाठींना जोडणाऱ्या १३१ दांड्या. प्रत्येक दांडी म्हणजे स्प्रिंग : जितकी दाबाल तितकी ढकलणार.

गाडी जमिनीवर ठेवली. उभी राहिली, थरथरायला लागली, थरथर वाढत गेली आणि आठव्या सेकंदाला फटाक्याच्या माळेसारखी फुटली. कुणी हात लावला नव्हता.

तीन संध्याकाळी डोकं फोडलं. दांड्या नरम केल्या, तर गाडी गोधडीसारखी बसली. घर्षण वाढवलं, तर मधात बुडाल्यासारखी चालली. शेवटी सापडलं ते असं : मी आधी जुन्या वेगाने गाठ सरकवत होतो आणि मग जोर लावून वेग बदलत होतो. यात प्रत्येक पावलाला गाडीत थोडी ऊर्जा फुकट भरली जाते. आधी वेग बदलायचा आणि त्या नव्या वेगाने गाठ सरकवायची. कोडच्या दोन ओळी वर-खाली केल्या. बस. तीन संध्याकाळी, दोन ओळी.

३ ऑगस्ट, शनिवार

तरीही कडक दांड्या टाकल्या की फुटतेच. याचं गणित साधं आहे. २० किलोच्या गाठीला मीटरमागे १० लाख न्यूटनची स्प्रिंग बांधली, तर दोन मोजण्यांतलं अंतर साधारण ९ मिलिसेकंदांच्या आत हवं. एका गाठीला पाच-सहा दांड्या असतील तर त्याच्याही निम्म्याहून कमी. मी पडद्यावरच्या प्रत्येक चित्राला एकदा मोजत होतो, म्हणजे १६.७ मिलिसेकंदांनी. फुटणारच.

आता एका चित्रामागे १६ वेळा मोजतो, सेकंदाला ९६०. बीमएनजीच्या निम्मंसुद्धा नाही, पण आमच्या मशीनला झेपतं.

दुसरा फायदा आपोआप मिळाला. ताशी ६४ किमीने गाडी एका चित्रात ३० सेंटिमीटर पुढे जाते आणि माझी भिंत २० सेंटिमीटरची. बंपरच्या गाठी भिंतीतून आरपार जाऊन पलीकडे उगवायच्या. आता एका मोजणीत गाडी दोन सेंटिमीटरही सरकत नाही. भिंत भिंतीसारखी वागते.

११ ऑगस्ट, रविवार

चेपणं. नियम असा ठेवला : दांडीवर ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त जोर आला की तिची मूळ लांबीच बदलायची. मग ती परत सरळ होत नाही. आणखी जास्त ताणली तर तुटते.

सगळ्या दांड्यांना एकच मर्यादा दिली. गाडी भिंतीला लागली आणि पुढून मागेपर्यंत सारखीच आखडली, डिकीसकट. सोमवारी लॅपटॉपवर नववीच्या एकाला दाखवली. याच्या वडिलांचं महामार्गावर डेंटिंग-पेंटिंगचं गॅरेज आहे. त्याने दहा सेकंद पाहिलं.

"सर, अशी नाय दबत. डिकी कशाला दबेल? मागून कोण ठोकलंय?"

मी म्हटलं, मग कशी दबते?

"रविवारी या. आलीय एक."

१८ ऑगस्ट, रविवार

गॅरेजवर गेलो. घाटातून आणलेली एक हॅचबॅक शेडमध्ये उभी होती, पुढून बसलेली. कुणाला फार लागलं नव्हतं असं वडिलांनी आधीच सांगितलं, बहुतेक माझा चेहरा बघून.

बॉनेट मधोमध उलट्या व्ही सारखं दुमडलेलं. पण पोराने मला खाली वाकायला लावलं. बंपर आधीच काढला होता. त्याच्या मागून चासीचे दोन लेग पुढे येतात, चौकोनी पत्र्याच्या नळ्या. उजवा लेग पेटीच्या भात्यासारखा घडी-घडीने आखडला होता. चार घड्या, एकीला एक चिकटलेली, आणि घडीच्या कडेवरचा रंग पापुद्र्यासारखा सुटलेला. डावा जवळजवळ शाबूत.

"ह्या बघा," म्हणून त्याने डाव्या लेगवर बोट फिरवलं. पत्र्याला आडव्या खाचा होत्या, बोटाच्या पेराएवढ्या अंतरावर. मला वाटलं मार लागून पडल्यात.

"कंपनीच्याच असतात," वडील म्हणाले. "तिथनंच दबायला पाहिजे. लेग खेचून सरळ केला तरी पहिल्यासारखा नाही होत. कापून नवाच जोडायचा."

ड्रायव्हरचं दार एका हाताने उघडलं आणि बंद झालं. दोनदा केलं मी. पुढे एवढं सगळं होऊन दाराची फट हललेली नव्हती.

पट्टीने मोजलं : उजव्या बाजूला साधारण ४० सेंटिमीटर आत. चहा घेतला. वडिलांनी विचारलं, "सर, पोरगं अभ्यास करतं का?" मी म्हटलं, सध्या मीच त्याच्याकडे शिकतोय.

२४ ऑगस्ट, शनिवार

गॅरेजमधलं कोडमध्ये आणलं. पुढच्या भागात चार आडव्या दांड्यांच्या रांगा, प्रत्येक रांगेची मर्यादा ६०,००० न्यूटन. केबिनच्या दांड्यांना चौपट. आणि सगळ्यात पुढच्या तुकड्याला थोडी कमी, म्हणजे ती खाच. आता पुढून एकेक घडी पडत मागे येते.

६०,००० कुठून आणलं तर असं : भारत एनकॅपमध्ये, म्हणजे गाड्यांची सुरक्षितता तपासणाऱ्या आपल्याकडच्या चाचणीत, गाडी समोरून ताशी ६४ किमीने ठोकतात. (त्यांचा अडथळा मऊ असतो आणि गाडीची ४० टक्के रुंदीच त्याला लागते. माझी भिंत पूर्ण आणि कडक, त्यामुळे तुलना नको, फक्त वेग उसना घेतला.) त्या वेगाला ९२० किलोच्या गाडीत साधारण १४५ किलोज्यूल असतात. ते ६० सेंटिमीटरमध्ये जिरवायचे तर सरासरी २,४०,००० न्यूटन लागतात. भागिले चार. पोरांसाठी दुसरी तुलना काढली : ६४ चा वेग म्हणजे १६ मीटरवरून खाली पडणं. पाण्याच्या टाकीकडे बोट दाखवलं की पुरे.

नवी भानगड : जोरात ठोकलं की दांड्यांचे काही त्रिकोण आतले बाहेर उलटतात आणि तसेच अडकतात, उलटा झालेला सदरा असावा तसे. स्प्रिंगला फक्त लांबी कळते, बाजू कळत नाही. प्रत्येक त्रिकोणाचं क्षेत्रफळ तपासून त्याचं अधिक-उणे चिन्ह बदललं की गाठ मागे ढकलायची आणि कुठलीही दांडी मूळ लांबीच्या ३० टक्क्यांखाली दाबू द्यायची नाही. शंभरातल्या दोन-तीन टकरींत अजून उलटतात. चालवून घेतलंय.

३० ऑगस्ट, शुक्रवार

लॅबमध्ये पहिली तालीम, शाळा सुटल्यावर. जे जे बिघडू शकत होतं ते बिघडलं.

फाइल नुसती डबल क्लिक केली तर चालेना. कोड वेगवेगळ्या मॉड्यूल फायलींत होता आणि क्रोम तशा फायली डिस्कवरून थेट उघडू देत नाही. म्हणून माझ्या मशीनवर पायथनचा छोटा सर्व्हर लावायचं ठरवलं. नवं पायथन विंडोज ७ वर बसत नाही. ३.८ ही चालणारी शेवटची आवृत्ती. ते टाकलं, तर विंडोजच्या फायरवॉलने बाकीची मशीन अडवली. खाजगी नेटवर्कसाठी परवानगी दिली.

डेस्कटॉपवर पान उघडलं, गाडी नाही. विंडोज ७ वर क्रोम १०९ च्या पुढे जात नाही आणि मी वापरलेली 'टू-सॉर्टेड' ही यादी क्रमाने लावायची सोय ११० मध्ये आली. एका आकड्याने हुकलो. जुन्या पद्धतीने सॉर्ट केलं, दोन मिनिटांचं काम. शोधायला तास गेला, कारण माझ्या घरच्या मशीनवर अर्थातच सगळं आलबेल.

अकरा नंबरच्या मशीनवर गाडी जरा जास्तच पळते. मॉनिटर ७५ हर्ट्झचा निघाला आणि मी प्रत्येक चित्राला १६ मोजण्या करत होतो. आता घड्याळ बघून मोजण्या ठरतात.

मंद मशीनवर चित्रं रांगत होती. गाडीखालच्या मऊ सावलीने सगळा वेळ खाल्ला होता. सावली काढली, सपाट काळी पट्टी टाकली. दुप्पट वेग.

आणि चार लॅपटॉप वायफायवर असून सर्व्हर दिसेना. राउटरमध्ये वायफायवरच्या मशीनना बाकीच्यांपासून वेगळं ठेवायची सोय चालू होती आणि तिचा पासवर्ड आमच्याकडे नाही. तो मागायला अर्ज, मग स्मरणपत्र. त्यापेक्षा ३० मीटर केबल आणली, ६०० रुपये. जॅक १२ घेतले, १२० रुपये. आठच लागणार होते, पण क्रिंप करताना चार मी बिघडवले.

६ सप्टेंबर, शुक्रवार

वीज गेली, यूपीएसने दहा सेकंदही धरलं नाही, दुपारचं काम गेलं. बॅटरी ९०० रुपये. उद्या गणपती. आता थेट विसर्जनानंतर.

२० सप्टेंबर, शुक्रवार

नववी 'अ', शेवटचा तास. अट एकच : आधी तीन वेगांना ठोकायचं आणि गाडी किती आत गेली ते वहीत लिहायचं, मग मोकळं खेळायचं.

३२ ला १४ सेंटिमीटर, ६४ ला ५८. मागच्या बाकावरून आवाज, "सर, डबल वेगाला डबल नाय, चौपट जातंय. तुमचं चुकलंय." मी फळ्यावर काहीच लिहिलं नाही. त्यांनी ४८ ला ठोकून पाहिलं, मग १६ ला. कुजबूज सुरू झाली.

मोकळं सोडल्यावर कुणीतरी पट्टी ओढून ३०० ला नेली. गाडी भिंतीला लागली आणि गायब. वेगाच्या जागी इंग्रजीत 'नॅन', म्हणजे आकडाच नाही. पोरांनी ते वाचलं 'नान'. आता वर्गात गाडी फुटत नाही, तिची नान होते. पट्टी १२० ला थांबवली. पोरं नाराज.

मग दोन मशीन एकदम गोठली. दोन्ही ठिकाणी कारण एकच. मॅडम दारात आल्या, पोरांनी सवयीने टॅब बदलला, मॅडम गेल्यावर परत आले. लपलेल्या टॅबमध्ये ब्राउझर चित्रं काढायचं थांबवतो, आणि परत आल्यावर माझा कोड मधली ४० सेकंदं एका दमात मोजायला बसला. ४० गुणिले ९६०. आता एका चित्रात जास्तीत जास्त ३२ मोजण्या, बाकीचा वेळ सोडून द्यायचा. परवानगी असलेला खेळ लपवायला कशाला हवा, हे विचारलं तर म्हणतात, "सर, हात आपोआप जातो."

२८ सप्टेंबर, शनिवार

हिशोब : पेन ड्राइव्ह ३५०, केबल ६००, जॅक १२०, बॅटरी ९००. एकूण १,९७० रुपये. बॅटरीचे शाळेने दिले. १८ पैकी १७ मशीनवर चालतं. तीन नंबरचं विंडोजच उघडत नाही, त्याच्यात माझा दोष नाही. दोन आठवड्यांत व्हायरसवाली खिडकी एकदाही आली नाही. मोबाईलच्या हॉटस्पॉटवर एक जण सापडला, पण तो क्रिकेट बघत होता.

गॅरेजवाल्या पोराने आज वेगळीच मागणी केली. "भिंतीला कोण ठोकतं सर? आमच्याकडे येतात त्या उभ्या ट्रकखाली घुसलेल्या."

भिंतीचा खालचा एक मीटर काढून टाकला, झाला ट्रकचा मागचा भाग. ४० ला सोडली. बॉनेट ओरखडाही न पडता खाली गेलं, लेग तसेच, खाच तशीच. भिंतीची कड सरळ काचेच्या खांबाला लागली. चौपट मर्यादेच्या दांड्या होत्या तिथे, तीन तुटल्या. डोक्याच्या जागी मी एक लाल गाठ ठेवली होती. ती कडेच्या पलीकडे गेली.

तो काही वेळ बघत राहिला. म्हणाला, "हे सगळ्यांना नका देऊ." मग जरा थांबून, "मागं तो आडवा बार असतो ना ट्रकला, तो टाकून बघू?"

जमिनीपासून ५५ सेंटिमीटरवर एक आडवी पट्टी टाकली. ४० ला परत सोडली. या वेळी पुढून घड्या पडल्या, काच राहिली, लाल गाठ जागेवर. ६० ला बारच वाकून वर गेला आणि गाडी पुन्हा खाली. बारची मर्यादा मी अंदाजाने टाकलीय. खरा बार केवढा जाड असतो ते मोजायला पुढच्या रविवारी ट्रक टर्मिनसला जायचं ठरलंय. पट्टी तो आणणार आहे.